मस्टरवरचे ब्रेक मीच टाकले होते

मा. संपादक साहेब,
सप्रेम नमस्कार.

पत्र जरा लांबलंय. कापायचं असेल तर माझ्या ग्रॅच्युटीचा, म्हणजे नोकरी संपताना मालकानी द्यायच्या पैशांचा, हिशोब कापा, पण मस्टरबद्दल, म्हणजे हजेरीपटाबद्दल, जे लिहिलंय ते कृपा करून तसंच राहू द्या.

मी अक्कलकोट रोड एमआयडीसीत एका टॉवेलच्या कारखान्यात टाइम ऑफिसला होतो. एकतीस वर्षं. कारखान्याचं नाव लिहीत नाही कारण माझी केस चालू आहे, आणि खरं सांगायचं तर नाव लिहून उपयोग पण नाही, वाचणारे चारजण म्हणतील हे तर आमच्याच कारखान्याचं लिहिलंय. टाइम ऑफिस म्हणजे काय ते आताच्या पोरांना कळणार नाही, आता अंगठ्याचं मशीन आलं. आमच्या वेळी गेटला एक खिडकी, खिडकीत मी, पुढ्यात मस्टर, एक निळा पेन आणि एक लाल पेन. निळ्यानं हजेरी, लालनं गैरहजेरी आणि ब्रेक.

ब्रेक म्हणजे असं की वर्षातनं एकदा, शक्यतो उन्हाळ्यात ऑर्डर कमी असली की, वरून चिठ्ठी यायची. त्यात तीस चाळीस नावं. यांना ब्रेक टाक. मी टाकायचो. माणूस आत लूमवर उभा आहे, खटाखटा लूम चाललंय, त्याचा घाम टॉवेलवर पडतोय आणि इकडं माझ्या मस्टरवर तो काम सोडून गेलाय. त्या पंधरा-वीस दिवसांचा पगार व्हाउचरवर, सही घ्यायची आणि व्हाउचर मालकाच्या कपाटात. मग त्याच माणसाला नवीन टोकन नंबर द्यायचा, नवीन भरती. एका जॉबरला, म्हणजे लूमवरच्या मुकादमाला, मी माझ्या हातानं अकरा वेळा नवीन भरती केलंय. तो हसायचा, म्हणायचा "काय ओ क्लार्कसाहेब, मी दरवर्षी परत तरणा होतोय की". मी पण हसायचो. कागदाचा खेळ आहे, कुणाच्या पोटाला काय लागतंय, असं मला खरंच वाटायचं.

ते कुणाच्या पोटाला लागतंय ते मे २०२१ ला कळलं, मी रिटायर झालो तेव्हा.

माझा शेवटचा पगार बेसिक अधिक महागाई भत्ता धरून १४,३०० रुपये. ग्रॅच्युटीचा हिशोब सगळ्यांना सांगतो कारण अजून लोकांना तो नीट माहीत नाही. पगाराला २६ नी भागायचं, पंधरानी गुणायचं आणि जितकी वर्षं झाली तितक्यानी परत गुणायचं, शेवटच्या वर्षात सहा महिन्यांपेक्षा जास्त झालं असेल तर ते पण पूर्ण वर्ष धरायचं. माझे १४,३०० भागिले २६ म्हणजे दिवसाला ५५०, पंधरा दिवसांचे ८,२५०, गुणिले ३१ म्हणजे २,५५,७५०. आता मालकाकडच्या अकाउंटंटनं काय केलं, आधी ३० नी भागलं. महिन्याचे दिवस तीस म्हणून. तिथंच ३४,१०० रुपये उडाले. हा ३० का २६ चा वाद सुप्रीम कोर्टानं १९८० सालीच दिग्विजय वूलन मिल्सच्या केसमध्ये मिटवलाय, नंतर १९८७ ला कायद्यातच लिहिलं की २६ नीच भागायचं, पण आमच्याकडं अजून तीसनी भागतात आणि कामगार सही करून येतो. मी भांडून ते २६ करून घेतलं. मला वाटलं जिंकलो.

मग त्यांनी खालचा आकडा काढला. एकतीस नाही, नऊ वर्षं. म्हणजे ७४,२५०.

कसं? तर १९९० ला मी लागलो तेव्हा फर्म थोरल्या मालकांच्या नावावर होती. २००३ ला ती मुलांच्या नावावर झाली, बोर्ड बदलला. २०१२ ला सुनेच्या नावावर, परत बोर्ड बदलला. शेड तेच, लूम तेच, गेट तेच, खिडकी तीच आणि खिडकीत मी तोच. पण कागदावर मी २०१२ ला नवीन लागलो. त्यांचे वकील म्हणाले जुन्या फर्मशी आमचा संबंध नाही. आणि वर म्हणाले, साहेब यांच्या सर्व्हिसमध्ये ब्रेक पण आहेत.

आणि इथं संपादक साहेब मला तो दिवस सांगायचाय ज्याच्यासाठी हे पत्र लिहितोय. उलटतपासणीला मी पिंजऱ्यात उभा. मालकाच्या वकिलांनी मस्टर पुढं केलं, २०१४ का १५ चं, आणि शांतपणे विचारलं, या ज्या ब्रेकच्या नोंदी आहेत त्या कुणाच्या अक्षरात आहेत? मी बघितलं. लाल पेन, माझा 'ब्र', रकार उलटा देतो मी तसाच. मला म्हणावं लागलं, माझ्या. मग त्यांनी माझ्याच नावापुढची नोंद दाखवली, आणि ही? ती पण माझ्याच. माझा स्वतःचा ब्रेक मी स्वतः टाकला होता, चिठ्ठीत नाव आलं होतं म्हणून. कोर्टात मागं दोघंतिघं हसले. मला राग नाही, मी पण हसलो असतो.

माझ्या वकिलांनी मग बाहेर आल्यावर समजावून सांगितलं की असल्या नोंदीनी काही सर्व्हिस तुटत नाही. कायद्यात सलग सेवा म्हणजे वर्षात २४० दिवस काम भरलं की झालं, आणि त्यात आजारपण, अपघात, रजा, लेऑफ म्हणजे काम नाही म्हणून घरी बसवणं, संप, कामगाराची चूक नसताना बंद पडलेलं काम हे सगळं सर्व्हिसमध्येच धरायचं. बाळंतपणाची रजा तर दिवसाला दिवस मोजायची. सुप्रीम कोर्टानं २०१८ ला छत्तीसगडच्या एका माणसाला, बावीस वर्षं रोजंदारीवर आणि शेवटची तीनच वर्षं कायम, त्याला पूर्ण पंचवीस वर्षांची ग्रॅच्युटी द्या म्हणून सांगितलं, रोजंदारीची वर्षं पण धरायची. म्हणजे कायदा आमच्या बाजूनी आहे. कायदा १९७२ पासून आमच्या बाजूनीच आहे हो. पण २४० दिवस भरले हे कशावरून? मस्टरवरून. मस्टर कुणाकडं? हाच सगळा प्रश्न आहे, बाकी सगळं वकिलांचं बोलणं.

माझे वडील मिलमध्ये होते. सोलापुरात मिलचे भोंगे होते तेव्हाची गोष्ट, अख्खं गाव त्याच्यावर उठायचं. वडिलांनी पगाराची एकूण एक चिठ्ठी सुतळीत बांधून पत्र्याच्या ट्रंकेत ठेवलेली, आई म्हणायची चुलीत घाला, ते घालू द्यायचे नाहीत. आम्ही चेष्टा करायचो. आणि मी, ज्यानं दुसऱ्यांची हजेरी लिहिण्यात जन्म घातला, माझ्याकडं माझ्या स्वतःच्या नोकरीचा एक कागद नव्हता. पीएफचं पासबुक निघालं ते पण २०१२ पासूनचं, ईएसआयचं म्हणजे कामगार विम्याचं जुनं कार्ड बायकोनं कुठंतरी देवघराखाली जपून ठेवलं होतं त्याच्यावर १९९० च्या दशकातली भरतीची तारीख आणि पहिल्या फर्मचा शिक्का सापडला. केस उभी आहे ती त्या एका कार्डावर. बायकोला दिवाळीला साडी घेतली, अजून ग्रॅच्युटी मिळाली नाही तरी.

आता एक गोष्ट सांगतो जी मला टाइम ऑफिसात बसून माहीत होती आणि मी कुणाला सांगितली नाही, त्याची मला खरी लाज वाटते. १९७२ च्या कायद्याच्या नियमात फॉर्म एफ होता, नॉमिनेशनचा, म्हणजे वारस नेमण्याचा. नोकरीला एक वर्ष झालं की कामगारानी तो दोन प्रतीत भरायचा आणि मालकानी त्यातली एक प्रत तपासून, सही करून कामगाराला परत द्यायची. त्याच्यावर नाव, खातं, टोकन नंबर, नेमणुकीची तारीख सगळं असतं. म्हणजे मालकाच्या सहीचा सर्व्हिसचा पुरावा कामगाराच्या घरात! तो गठ्ठा माझ्या कपाटात खालच्या कप्प्यात होता, वाळवी लागली, कोरा. मला कधी वरून सांगितलं नाही आणि मी कधी विचारलं नाही. तसंच कायद्याचा गोषवारा गेटजवळ ठळक जागी लावायचा असतो, इंग्रजीत आणि कामगारांना समजेल त्या भाषेत. आमच्याकडं निम्मे लोक तेलुगू बोलणारे, काही कन्नड, बाकी मराठी. लावला होता एक, इंग्रजीतला, पाण्याच्या टाकीमागं.

कोर्टाच्या व्हरांड्यात बसून बसून माणसं ओळखीची होतात. तिथं मला आमच्याच कारखान्यातल्या अक्का भेटल्या, हेमिंगला होत्या एकोणीस वर्षं, टॉवेलच्या कडा शिवायच्या. शेवटचा पगार ९,१००. म्हणजे दिवसाला ३५०, पंधरा दिवसांचे ५,२५०, गुणिले १९, झाले ९९,७५०. लाखाला अडीचशे कमी. टीव्हीवर बातमी येते ग्रॅच्युटीची मर्यादा २० लाख झाली, केंद्र सरकारच्या लोकांना २५ लाख झाली, अक्का मला विचारतात साहेब ते आपल्याला लागू आहे का. काय सांगायचं. त्यांच्या मालकाचं, म्हणजे आमच्याच मालकाचं, म्हणणं असं की अक्कांनी मुलीच्या लग्नाला ४० हजार उचल घेतली होती ती फिटलेली नाही ती ग्रॅच्युटीतनं वजा आणि दोन बाळंतपणात ब्रेक म्हणून आधीची वर्षं गेली. उचल कापायची म्हणे! ग्रॅच्युटीतनं मालकाला कापता येतं ते कामगारानी मुद्दाम किंवा निष्काळजीपणानी नुकसान केलं आणि त्यासाठी त्याला कामावरनं काढलं तर, तेवढ्याच नुकसानापुरतं. किंवा दंगा, मारामारी, नाहीतर नैतिक अधःपतनाचा गुन्हा केला म्हणून काढलं तर. उचल घेणं हा गुन्हा असेल तर सोलापूरची निम्मी यंत्रमागं जेलमधनं चालवावी लागतील. अन् अक्कांच्या बाळंतपणाचे ब्रेक कुणी टाकले ते तुम्हाला कळलंच असेल.

नैतिक अधःपतनावरनं आठवलं. व्हरांड्यातच एक रिटायर कंडक्टर भेटले, त्यांनी फेब्रुवारी २०२५ चा सुप्रीम कोर्टाचा निकाल मोबाईलवर दाखवला, वेस्टर्न कोलफिल्ड्स या कोळसा कंपनीचा, आणि त्यातच आपल्या एसटीच्या कंडक्टरांची पण प्रकरणं होती. आधी असं धरायचे की फौजदारी कोर्टात गुन्हा शाबीत झाल्याशिवाय ग्रॅच्युटी जप्त करता येत नाही, या निकालात म्हटलं तशी शिक्षा व्हायलाच पाहिजे असं नाही, खात्याच्या चौकशीत ठरलं तरी चालतं. पण कंडक्टरांच्या बाबतीत कोर्टानं पूर्ण ग्रॅच्युटी जाऊ दिली नाही, २५ टक्केच कापा म्हटलं. मला यातलं अर्ध पटतं आणि अर्ध भीती वाटते. तिकिटाचे पैसे खाल्ले तर काहीतरी भोगावं लागणार हे बरोबर, पण खात्याची चौकशी म्हणजे काय असते ते मी बघितलंय, आमच्याकडं चौकशी अधिकारी मालकाचाच वकील असायचा आणि चहा मालकाच्या खात्यावर.

साखर कारखान्यांचं तर वेगळंच रामायण आहे. आपल्या जिल्ह्यात साखर कारखाने ढीगभर, आणि हंगामी कामगारांना कायद्यानी पंधरा दिवस नाही, प्रत्येक हंगामाला सात दिवसांचा पगार. ज्याला फक्त गाळपात काम आहे त्याचं ठीक. पण एक वेल्डर भेटले, पंढरपूरकडचे, अठ्ठावीस वर्षं झाली, गाळपात चार महिने आणि हंगाम संपला की ओव्हरहॉलिंग, मिलचे रोलर, बॉयलरच्या ट्यूबा, ऊस नसताना पण हा माणूस कारखान्यातच. तरी कागदावर हंगामी. पगार १८,२००, दिवसाला ७००. सात दिवसांनी धरलं तर १,३७,२००, पंधरा दिवसांनी धरलं तर २,९४,०००. एक शब्दाचा फरक, हंगामी का कायम, आणि दीड लाखाच्या वर पैसे. ऑफ सीझनची हजेरी वेगळ्या रजिस्टरला, ते रजिस्टर सापडत नाही. मला नवल वाटलं नाही. रजिस्टर न सापडण्याचं काम मी पण केलेलं आहे.

आणि यंत्रमागवाल्यांचं ऐका. ग्रॅच्युटीला दहा कामगार लागतात. तर एकाच शेडला चार बोर्ड, एक बापाचा, एक बायकोचा, दोन पोरांचे, प्रत्येक बोर्डाखाली आठ नाहीतर नऊ कामगार. दहावा कधी येतच नाही. आता कायदा असा आहे की एकदा दहा झाले की नंतर कमी झाले तरी कायदा सुटत नाही, पण एकदा दहा होते हे परत कशावरून? हजेरीवरून.

लोक म्हणतात निकाल लागला की व्याज मिळतं की. मिळतं. तीस दिवसांत ग्रॅच्युटी द्यायची, नाही दिली तर सरळ व्याज वर्षाला १० टक्के, आणि सुप्रीम कोर्टानं २००३ लाच सांगितलंय की हे व्याज मालकाला द्यावंच लागतं, कोर्टाच्या मर्जीचा प्रश्न नाही. अर्ज केला नाही म्हणून पण मालकाला हात वर करता येत नाही, अर्ज असो नसो हिशोब काढून द्यायची जबाबदारी त्याची. पण दहा टक्के सरळ व्याजाचा हिशोब जरा मालकाच्या बाजूनी करून बघा. माझ्या २,५५,७५० वर वर्षाला २५,५७५. बँकेचं सीसी, म्हणजे कॅश क्रेडिटचं कर्ज, त्याला यापेक्षा महाग पडतं, वर तारण द्यावं लागतं, मॅनेजरला नमस्कार घालावा लागतो. आमच्याकडनं बिनतारणी, सरळ व्याजानी, पाच-दहा वर्षांसाठी. आणि मधे कामगार मेला तर पोरं निम्म्यावर तडजोड करतात. माझ्या मालकाचा पोरगा वाईट नाही हो, लहानपणी माझ्या खिडकीत बसून चित्रं काढायचा, पण धंद्याचं गणित त्यालाही कळतं. व्याज चक्रवाढ होतं ते फार पुढं, कोर्टाचा वसुलीचा दाखला कलेक्टरकडं गेल्यावर, जमीन महसुलाच्या थकबाकीसारखं. तोपर्यंत बोर्ड परत बदललेला असतो.

आपल्याकडं ग्रॅच्युटीचा दावा लेबर कोर्टात, अपील इंडस्ट्रियल कोर्टात, मग हायकोर्ट. अपील करायचं तर मालकाला आधी रक्कम भरावी लागते हे एक चांगलं आहे, साठ दिवसांत करायचं, फारतर अजून साठ. हायकोर्टासाठी आधी मुंबईला जावं लागायचं, रात्री सिद्धेश्वर एक्सप्रेसला बसायचं आणि सकाळी उतरून वकिलांच्या ऑफिसच्या जिन्यात तोंड धुवायचं. ऑगस्ट २०२५ ला कोल्हापूरला सर्किट बेंच सुरू झालं, आपला सोलापूर जिल्हा त्यात आला. सांगोला मिरज मार्गे एसटीनं जाऊन रात्री घरी येता येतं, डब्यात कडक भाकरी आणि शेंगाचटणी, हॉटेलचा खर्च नाही. ज्यांनी त्या बेंचसाठी इतकी वर्षं भांडण केलं त्या वकील लोकांचे आभार, आमच्यासारख्यांना तेवढाच आधार.

२१ नोव्हेंबर २०२५ पासून नवीन लेबर कोड लागू झाले, १९७२ चा ग्रॅच्युटीचा कायदा त्यात गेला. मुदतीच्या करारावर असलेल्या कामगाराला आता एक वर्षावर ग्रॅच्युटी, आधी पाच वर्षं लागायची. आणि पगारातले भत्ते एकूण पगाराच्या निम्म्यापेक्षा जास्त असले तर वरचा भाग पगारातच धरायचा, म्हणजे बेसिक कमी दाखवून ग्रॅच्युटी मारायची युक्ती चालणार नाही. चांगलं आहे, मी नावं ठेवत नाही. पण करारावर एक वर्ष झालं हे सिद्ध करायला परत तेच मस्टर, आता ते मशीनमध्ये. मशीनचा पासवर्ड कुणाकडं असतो ते विचारा.

माझं म्हणणं एवढंच आहे की कामगाराच्या हजेरीचा कागद दरवर्षी त्याच्या घरी गेला पाहिजे. दिवस किती भरले, पगार किती, नेमणुकीची तारीख काय, मालकाची सही. एक पानाचा कागद. मोबाईलवर पाठवला तरी चालेल, आता अक्कांकडं पण मोबाईल आहे. हे झालं तर निम्म्या केसेस कोर्टात येणारच नाहीत कारण भांडण रकमेचं नसतंच, रकमेचं गणित चौथीतलं पोरगं करेल, भांडण वर्षांचं असतं. आणि तोपर्यंत युनियनवाल्यांना हात जोडून सांगणं आहे, मोर्चे काढा, जरूर काढा, पण त्याआधी प्रत्येक खात्यात हा नॉमिनेशनचा फॉर्म भरून त्याची सहीची प्रत कामगाराच्या हातात पडली का ते बघा. अंगणवाडीच्या बायकांना २०२२ ला सुप्रीम कोर्टानं ग्रॅच्युटीचा हक्क दिला, त्यांनाही सांगा, नेमणुकीचं पत्र आणि मानधनाच्या नोंदी आत्ताच झेरॉक्स करून ठेवा, रिटायर व्हायच्या आधी, नंतर कुणी कपाट उघडत नाही.

कामगारांना पण एक सांगतो. हिशोब घेताना 'फुल अँड फायनल' म्हणून पावतीवर सही घेतात. सही केली म्हणजे सगळं संपलं असं नाही, कायद्यानी बसतं त्यापेक्षा कमी घ्यायला सही केली म्हणून हक्क जात नाही. पण शक्यतो सहीखाली 'हरकत ठेवून रक्कम स्वीकारली' एवढे शब्द लिहा. लिहू देत नाहीत, मला माहीत आहे, मीच लिहू द्यायचो नाही. तरी लिहा. मालकानी नाही म्हटलं किंवा कमी दिलं की मुदतीच्या आत कोर्टात अर्ज टाका (१९७२ च्या कायद्याच्या नियमात ती नव्वद दिवस होती), उशीर झाला तरी योग्य कारण दाखवून टाका.

माझ्या केसला पाचवं वर्ष आहे. मागच्या महिन्यात मालकाकडनं निरोप आला, दीड लाखावर मिटवू, आणि एक बारीकशी अट, अक्कांच्या केसमध्ये साक्षीला जायचं नाही. अक्कांच्या वकिलांनी मला साक्षीदार म्हणून बोलावलंय. त्यांना मस्टरवरच्या लाल नोंदी कुणी, कशा, कुणाच्या चिठ्ठीवरून टाकल्या ते माझ्या तोंडून पाहिजे. बायको म्हणाली दीड लाख म्हणजे डोळ्याचं ऑपरेशन होऊन वर पैसे उरतात. बरोबर आहे तिचं. दोन दिवस मी काही बोललो नाही. मग तिनंच तिसऱ्या दिवशी ते ईएसआयचं कार्ड प्लास्टिकच्या पिशवीतनं काढून माझ्या शर्टाच्या खिशात घातलं, म्हणाली जाताना हे पण घेऊन जा, अक्कांना पण लागेल, तुम्ही दोघं एकाच साली लागल्यासारखं आठवतंय मला. तसं नाहीये, अक्का नंतर लागल्या, पण मी काही बोललो नाही.

अक्कांची तारीख पुढच्या महिन्यात आहे. मी जाणार आहे. नंबर जेवायच्या सुट्टीआधी लागला तर बरं, दुपारी बीपीची गोळी घेतली की मला पेंग येते.

आपला,
टाइम ऑफिसचा एक निवृत्त क्लार्क
साखर पेठ, सोलापूर

(नाव कळवलं आहे, छापू नये ही विनंती. केस चालू आहे.)